पळत्या माणसाचं चित्र

सावळीराम भोये चिडका माणूस, हे नाशिकच्या सिडकोतल्या त्याच्या गल्लीत शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. दुधात पाणी दिसलं की तो दूधवाल्याशी भांडे, रिक्षावाल्याने मीटर टाकलं नाही की रिक्षावाल्याशी, आणि भांडायला कोणीच सापडलं नाही तर रेडिओवरच्या बातम्यांशी. पण त्या दुपारी मनालीच्या सायबर कॅफेत तो जसा चिडला, तसं चिडलेलं त्याला कोणी पाहिलं नव्हतं. खुर्ची मागे कोसळली, शेजारच्या मशीनवर नोकरीचा अर्ज भरणारी मुलगी दचकून उठली, आणि सावळीराम पडद्याकडे बोट रोखून उभा राहिला.

“हे कोणी लिहिलं?” त्याने विचारलं.

मनाली कॅफेची मालकीण. नवऱ्याच्या किराणा दुकानाला लागून असलेल्या गाळ्यात तिने पाच-सहा कॉम्प्युटर मांडले होते. सावळीराम अंबडच्या एका कारखान्याच्या गेटवर वॉचमन होता. पाळी सुटली की घरी जाण्याआधी तो इथे येई आणि कोपऱ्यातल्या मशीनवर इंटरनेटवरचं बुद्धिबळ खेळे. समोर कधी ब्राझीलचा माणूस, कधी पोलंडचा, कधी पुण्याचा. सावळीरामला इंग्रजी अक्षरं लागत, अर्थ लागत नसे. तो मनाली सांगे.

“कोणी लिहिलं नाही काका, ते आपोआप येतं,” मनाली म्हणाली. “प्रोफाइल म्हणतात त्याला. तुमच्या नावावर क्लिक केलं की समोरच्याला सगळं दिसतं. किती जिंकलात, किती हरलात, किती डाव टाकून दिलेत.”

झालं होतं ते एवढंच. पुण्याच्या एका खेळाडूला सावळीरामने डावाचं आमंत्रण धाडलं होतं. त्याने नकार दिला आणि वर दोन शब्द लिहिले. मनाली ते वाचून दाखवायला तयार नव्हती, सावळीरामने हट्ट धरला, तेव्हा तिने त्याचं स्वतःचंच पान त्याच्यापुढे उघडलं. जिंकलेले डाव भरपूर होते, हरलेले थोडे. आणि खाली ‘टाकून दिलेले’ या ओळीसमोर जवळजवळ निम्मे डाव. नावाशेजारी एक इवलंसं लाल चित्र होतं, हातपाय फाकवून पळणाऱ्या माणसाचं.

“निम्म्यात डाव सोडून जाणाऱ्याला ती खूण लागते,” मनाली म्हणाली. “म्हणजे पळपुटा, असं.”

दुसरी कुठली शिवी असती तर सावळीरामने दोन परत दिल्या असत्या आणि विषय संपला असता. या एका शब्दाशी मात्र त्याचं जुनं वैर होतं.

“लाईट जाते,” तो ओरडला. “लाईट काय मी घालवतो? माझ्या बापाने घालवली?”

आणि हे खरं होतं. ती दोन हजार सहा-सात सालची गोष्ट. लोडशेडिंगने सगळ्यांना पिडलं होतं. जिथे बिलं थकलेली, तारांवर आकडे टाकलेले, तिथे अंधार जास्त. जिथे बंगले आणि बिलं वेळेवर, तिथे कमी. सावळीराम बिलाच्या रांगेत पहिला उभा राहणारा माणूस, पण आकडा शेजारच्या वस्तीत पडे आणि अंधार त्याच्या घरात. चोर सोडून संन्याशाला फाशी देण्याची ही रीत आपल्याकडे इतकी मुरली आहे की फाशी जाणाऱ्याशिवाय कोणाला तिचं काही वाटत नाही. डाव ऐन रंगात यावा आणि पडदा काळा व्हावा, हे आठवड्यातून चार वेळा तरी ठरलेलं. मनालीच्या बॅटरीत दम नव्हता. इंटरनेट तर लाईटच्या आधीच जाई.

पण त्यात सावळीरामचीही एक चूक होती, आणि तशी चूक दुसऱ्या कोणी केली नसती.

तो पेठ तालुक्यातल्या डोंगरातला. आश्रमशाळेत शिकला. तिथे एका गुरुजींनी मुलांना बुद्धिबळ शिकवलं होतं. पट एकच, त्यातला एक उंट हरवलेला, त्याच्या जागी वाळलेला हिरडा. खेळणारी पोरं पुष्कळ. त्यामुळे डाव मध्येच असताना जेवणाची घंटा व्हायचीच. गुरुजींचा नियम असा, की घंटा झाली तरी डाव मोडायचा नाही. ज्याची चाल असेल त्याच्या बाजूला एक खडा ठेवायचा आणि पट तसाच उचलून कपाटावर. “डाव ठेवता येतो, टाकता येत नाही,” गुरुजी म्हणत. पोरं उद्या, परवा, कधी सुट्टीवरून परतल्यावर महिन्याने तोच डाव पुढे खेळत. खडा ठेवलेल्या पटाला हात लावायची छाती कोणाची नव्हती.

सावळीरामला वाटे, कॉम्प्युटरही डाव असाच ठेवत असेल. लाईट गेली की तो खिशातला खडा काढून कीबोर्डशेजारी ठेवी आणि म्हणे, “ठेवला.” लाईट आल्यावर तो समोरच्याला शोधी, तो सापडत नसे. गेला असेल बिचारा घरी, येईल उद्या, असं म्हणून सावळीराम नवा डाव मांडी. मनालीला ती म्हाताऱ्याची लहर वाटे, म्हणून तिने कधी विचारलं नाही. आणि तिकडे प्रत्येक खड्यामागे त्याच्या नावावर एक पळ मांडला जात होता.

खुर्ची उचलून तो परत बसला तेव्हा त्याचा आवाज खाली आला होता. रागात आवाज खाली आला की सावळीराम जास्त धोक्याचा.

“दुसऱ्याचं पण असं दिसतं का?”

“सगळ्यांचं दिसतं.”

“मग दाखव.”

तेव्हापासून त्याने खेळणंच सोडलं. तो येई आणि लोकांची प्रोफाइलं बघत बसे. आपलं ठेवायचं झाकून अन् दुसऱ्याचं बघायचं वाकून, म्हणतात ते काही खोटं नाही. पण इथे सावळीरामचं झाकायला काही उरलं नव्हतं, ते जगाला दिसतच होतं. हा कोण, तो कोण, कोणाला लाल माणूस लागलाय, कोणाला नाही. ज्यांनी एकही डाव टाकला नाही, त्यांच्या नावाशेजारी हिरवी खूण असे. मनालीने अर्थ सांगितला, भरवशाचा खेळाडू. सावळीराम त्या हिरव्यांवर जास्त जळे. एक दिवस त्याने मनालीला फक्त नाशिकची माणसं काढायला लावली. यादी लांब नव्हती. निम्म्यावर आला आणि त्याचा हात थांबला.

फोटो होता. डोक्याला टक्कल पडलं होतं, गालांवर तूप चढलं होतं, पण डावी भुवई तीच, मधोमध तुटलेली. ती आश्रमशाळेत सावळीरामनेच दगड मारून तोडली होती. नाव गोटीराम. शेजारी हिरवी खूण. टाकून दिलेले डाव, शून्य. खाली त्याने स्वतःविषयी एक ओळ लिहिली होती, ती मनालीने वाचली. “मी डाव कधीच सोडून जात नाही, असं लिहिलंय.”

सावळीराम हसला. त्या हसण्याने मनालीच्या अंगावर काटा आला.

गोटीराम आणि सावळीराम एका पटावर शिकले, एका एसटीने डोंगरातून खाली उतरले आणि अंबडच्या एकाच कारखान्यात लागले. स्प्रिंगा बनवायचा कारखाना. गोटीराम बोलका, म्हणून युनियनचा सेक्रेटरी झाला. सावळीराम भांडखोर, म्हणून त्याचा उजवा हात. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मालकाने माणसं कमी करायला घेतली आणि संप झाला. गेटसमोर मंडप उभा राहिला. गोटीरामने सगळ्यांच्या हाती बेलभंडारा देऊन शपथ घ्यायला लावली, मागण्या मान्य झाल्याशिवाय कोणी आत जायचं नाही. पावसाळा गेला, दिवाळी गेली. मंडपात दिवस सरता सरत नसे, म्हणून सावळीरामने एक पट आणला आणि दोघं खेळत बसत. संपकरी भोवती गोळा होत. निदान तेवढा वेळ कोणी घरातल्या रिकाम्या डब्यांविषयी बोलत नसे.

एके दिवशी गावाहून निरोप आला की सावळीरामचा बाप गेला. डाव मध्येच होता. सावळीरामने गोटीरामच्या बाजूला खडा ठेवला आणि म्हणाला, “तुझी चाल हाय. दिवस उरकून येतो.” गोटीरामने त्याला स्टँडपर्यंत सोडलं, खांद्यावर हात ठेवला. हे सावळीरामने नंतर हजार वेळा आठवलं.

दिवस घालून तो परत आला तर मंडप नव्हता. बांबूंची भोकं तेवढी जमिनीत राहिली होती. गोटीरामने मालकाशी समझोता केला होता. निम्मी माणसं आत गेली, निम्मी घरी. गोटीराम आत नाही आणि घरीही नाही. त्याला त्याच मालकाने कंत्राटी मजूर पुरवायचं काम दिलं, आणि त्यातून पुढे बंगला, गाडी, सगळं आलं. पण सावळीरामला लागलं ते वेगळंच. शेवटच्या सभेत गोटीराम म्हणाला होता, “सावळीराम गुपचूप मालकाकडून पैसे घेऊन पळाला. माझा उजवा हातच गेला, तर मी कोणाच्या जिवावर लढू?” चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या याला. सावळीरामने घसा फोडून सांगितलं, बापाच्या दिवसांना गेलो होतो. कोणी ऐकलं नाही. झिपरू नावाचा जोडीदार होता, एका डब्यात जेवणारा. तो त्याच्यासमोर थुंकला. सावळीरामची बायको भागीबाई नळावर गेली की बाया आपले हंडे बाजूला ओढून घेत. “पळपुट्याची बायको,” असं तिला ऐकू जाईल एवढ्या बेताने म्हणत. तेव्हापासून त्याला एकच गोष्ट हवी होती. पैसा नको, नोकरी नको. तो पळाला नव्हता, एवढं एकदा गोटीरामच्या तोंडून सर्वांदेखत निघायला हवं होतं.

आणि आता त्या माणसाच्या नावापुढे हिरवी खूण होती.

“त्याला आमंत्रण धाड,” सावळीराम म्हणाला.

मनालीने धाडलं. उत्तर लगेच आलं. ते वाचताना तिची जीभ अडखळली. “माफ करा, तुमचं प्रोफाइल पाहिलं. डाव सोडून जाणाऱ्यांशी मी खेळत नाही.” सावळीरामच्या पानावर फोटो नव्हता आणि नाव नुसतं भोये होतं. पेठेकडचे भोये नाशकात ढिगाने आहेत. आपण कोणाला काय लिहितोय, हे गोटीरामला कळलं नसणार. पण कळलं असतं तरी त्याने काय वेगळं केलं असतं?

दुसऱ्या दिवशी पाळी सुटल्यावर सावळीराम कॅफेत गेला नाही. पट काखेत मारून तो गंगापूर रोडला गोटीरामच्या बंगल्यावर गेला.

बंगल्याचं नाव ‘श्रमसाफल्य’. कोणाचे श्रम आणि कोणाचं साफल्य, ते विचारायचं नाही. गोटीरामने दार उघडलं, क्षणभर दचकला, मग तोंड भरून हसला. “अरे सावळ्या! किती वर्षांनी.” आत नेलं, सोफ्यावर बसवलं, सुनेला चहा टाकायला सांगितलं. सुनेचं नाव सविता. कोपऱ्यात कॉम्प्युटर होता, त्याच्याखाली इन्व्हर्टर घुरघुरत होता.

“इथं लाईट जात नाय?” सावळीरामने विचारलं.

“जाते ना. पण आपल्याला कळत नाय,” गोटीराम म्हणाला आणि स्वतःच्या विनोदावर हसला.

“काल तू मला नाय म्हणालास. खेळायला.”

गोटीरामला उलगडायला थोडा वेळ लागला. “तो तू होय! अरे, लाल चित्र दिसलं की मी नाय म्हणतो. माणूस कसा हाय ते आधीच कळलेलं बरं.”

सावळीरामने टीपॉयवरची फुलदाणी उचलून खाली ठेवली आणि पट उघडला. “मंडपातला डाव काय आता आठवत नाय,” तो म्हणाला. “पण चाल तुझी होती. तेव्हा पांढरी तू घे.”

ते खेळले. सुरुवातीला गोटीराम बडबडत होता, मग गप्प झाला. त्याचा एक हत्ती गेला, वजीर कोपऱ्यात अडकला. सावळीराम पटावरून नजर न उचलता म्हणाला, “मी पैसे घेऊन पळालो असं तू का सांगितलं?”

गोटीरामने नाकारलं असतं तर बरं झालं असतं. त्याने नाकारलं नाही. तो चष्मा पुसत म्हणाला, “मंडपात माणसं उपाशी होती, सावळ्या. सगळ्यांना आत जायचं होतं, पण शपथ आडवी येत होती. कोणाचं तरी नाव घ्यावं लागणार होतं. जो समोर बसलाय त्याचं नाव कसं घेणार? तू नव्हतास.”

एवढं, आणि इतक्या सहज. जणू बाजारात वांगी नव्हती म्हणून भोपळा आणला. समोरचं टक्कल धरून टीपॉयवर आपटावं असं सावळीरामला वाटलं, आणि तो ते करणार नाही हेही त्याला माहीत होतं, म्हणून तो आणखीच पेटला.

“हे चार माणसांत बोल,” तो म्हणाला.

“आता कोणाला पडलंय त्याचं?”

“मला पडलंय. चाल कर.”

गोटीरामने पटाकडे पाहिलं. चाल करण्यासारखं फार उरलं नव्हतं. तेवढ्यात त्याचा मोबाईल वाजला, की त्याने वाजवला, देव जाणे. “मला साइटवर जावं लागतंय,” असं म्हणत तो उठला, चपला घातल्या आणि गाडी काढून निघून गेला. सावळीराम उघड्या दाराकडे बघत राहिला. मग त्याने खिशातला खडा काढून गोटीरामच्या बाजूला ठेवला आणि सविताला सांगितलं, “पोरी, हा पट हलवू नको. मी उद्या येतो.”

उद्या गेटला कुलूप होतं. सावळीराम हाका मारत राहिला. शेवटी सविता आली. तिने पट दोन्ही हातांवर आडवा धरला होता, सोंगट्या जशाच्या तशा, खडासुद्धा. “बाबांनी मोडून टाकायला सांगितलं होतं,” ती हळू म्हणाली. “माझ्याच्याने झालं नाही.” गेटच्या वरून तिने तो सांभाळून त्याच्या हाती दिला.

सावळीरामने समोरच्या चहाच्या गाडीवरून एक स्टूल मागून घेतलं, गेटपुढे मांडलं, त्यावर पट ठेवला आणि जमिनीवर बसला.

तो रोज बसू लागला. पाळी सुटली की बंगल्यापुढे. पट तो रोज संध्याकाळी चहावाल्याच्या फळीवर ठेवून जाई. चहावाल्यालाही नाद लागला होता, तो पटावर फडकं पसरून ठेवी. फिरायला निघालेले निवृत्त साहेब थांबत, विचारत, “काय हो, कोणाची वाट बघताय?” सावळीराम सांगे, “त्यांची चाल हाय.” कोणाची, म्हटलं की तो हनुवटीने बंगला दाखवी. गोटीराम तिथल्या सोसायटीचा चेअरमन होता. त्याची गाडी गेटातून आत-बाहेर करताना स्टुलाला वळसा घाली, काचा वर असत. आठवडाभरात त्या रस्त्यावर चेअरमनसाहेबांच्या अडलेल्या चालीशिवाय दुसरा विषय उरला नाही.

भागीबाईला कळलं तेव्हा ती कपाळावर हात मारून म्हणाली, “अवो, लोकं काय म्हणतील?”

“तेच ऐकायला बसलोय.”

दुसऱ्या दिवशी ती स्वतःच भाकरी बांधून आली आणि त्याच्या शेजारी बसली. नळावरचे हंडे ती विसरली नव्हती. तिचा राग सावळीरामसारखा उकळत नसे, राखेखाली पडून राही. बंगल्याकडे बघून ती एवढंच म्हणाली, “याच्या आईनं माझ्या लग्नात मला हळद लावली व्हती.”

एका रविवारी, उन्हं कलताना, गोटीराम बाहेर आला. अंगात घरातलाच बनियन, दाढी वाढलेली. सोसायटीतली पाच-सहा माणसं कट्ट्यावर बसली होती, ती मान वळवून बघू लागली. गोटीराम स्टुलापुढे वाकला आणि एका बोटाने आपला राजा आडवा पाडला.

“घे. जिंकलास. आता जा इथून.”

“राजा पाडू नको,” सावळीराम म्हणाला. त्याने राजा उचलून परत त्याच्या घरात उभा केला. “बोल.”

“काय बोलू?”

“तुला म्हाईत हाय.”

गोटीरामने कट्ट्याकडे पाहिलं, भागीबाईकडे पाहिलं. त्याचा जबडा हलत होता. मग तो झटकन म्हणाला, “बरं. सावळीराम पळाला नव्हता. बाप मेला म्हणून गावाला गेला होता, मीच स्टँडवर सोडलं त्याला. झालं समाधान?”

कट्ट्यावरच्या साहेबांना यातलं काही कळलं नाही. त्यांनी माना डोलावल्या. सावळीरामला वाटलं होतं की हे वाक्य ऐकलं की छातीवरचा दगड उतरेल. दगड जागेवरच होता. या माणसांना कोण सावळीराम आणि कसला संप? ही मंडपात नव्हती.

“यांना सांगून काय होतंय,” तो म्हणाला. “झिपरूला सांग. फोन लाव.”

झिपरू समझोत्यात आत गेलेल्यांपैकी. पुढे कारखाना बंद पडला, आणि आता तो गोटीरामकडेच मुकादम होता. नंबर शोधावा लागला नाही. गोटीरामने मोबाईलचा स्पीकर चालू केला आणि पटाशेजारी धरला. पलीकडून झिपरूचा आवाज आला, “बोला साहेब.”

“झिपरू, इथं सावळ्या बसलाय. संपाच्या टायमाला तो पळाला नव्हता. ते मी उगाच बोललो होतो. काय? ऐकतोयस ना?”

मग झिपरू म्हणाला, “म्हाईत हाय की.”

सावळीराम पुढे सरकला. “काय म्हाईत हाय?”

“तू पळाला नव्हता ते. तवाच म्हाईत व्हतं. समद्यांनाच व्हतं. तुझ्या बापाचा निरोप घेऊन जो आला व्हता, त्याला पाणी मीच दिलं व्हतं ना.”

“मंग तू थुंकला का?”

“काय करू? पोरं उपाशी व्हती. शपथ मोडायची तर कोणीतरी आधी मोडली पायजे. तू पळाला म्हणल्याबिगर आमाला गेटातून आत जाता येत नव्हतं, सावळ्या. लय जुनं झालं आता ते. राग नको धरू.”

गोटीरामने फोन बंद केला. त्याच्या तोंडावर विजयाचं काही नव्हतं. त्यालाही हे नवीन असावं. इतकी वर्षं तो समजत होता की आपण लोकांना फसवलं. लोकांनी फसवून घेतलं होतं.

भागीबाई उठून उभी राहिली. नळावरच्या त्या बायासुद्धा, तिच्या मनात आलं असणार, हंडे ओढून घेणाऱ्या त्या सगळ्याजणी.

सावळीराम पटाकडे बघत होता. त्याचा घोडा एका घरात आला की मात होती. आंधळ्यालाही दिसली असती. गोटीरामने मुकाट्याने खडा बाजूला केला, एक प्यादं एक घर पुढे सारलं आणि म्हणाला, “ही घे चाल. आता तुझी.”

एवढ्यासाठी तो उन्हात बसला होता. एवढ्यासाठी तो दूधवाल्याशी, रिक्षावाल्याशी आणि रेडिओशी भांडत आला होता. सावळीरामने घोडा बोटांत धरला, उचलला, हातात फिरवला. मग तो स्टुलावर पटाबाहेर ठेवून दिला.

“तुम्ही खेळा,” तो म्हणाला. “तू आन् झिपरू. समदे मिळून खेळा.”

“अरे, पण डाव...” गोटीराम म्हणाला.

सावळीराम उठला, धोतराची धूळ झटकली आणि चालू लागला. पट तिथेच राहिला, खडा तिथेच राहिला. भागीबाईने भाकरीचं फडकं गोळा केलं आणि ती त्याच्या मागून निघाली. बरंच अंतर गेल्यावर तिने विचारलं, “डाव संपला?”

“नाय. टाकून आलो.”

भागीबाईने फडकं काखेत मारलं आणि ती त्याच्या बरोबरीने चालू लागली.

दोन दिवसांनी तो कॅफेत आला. मनाली त्याचीच वाट बघत होती. तिने एक पत्र लिहून ठेवलं होतं त्या साइटवाल्यांना, लोडशेडिंगचं सगळं समजावून. तो डाव सोडत नाही, लाईट जाते, असं. “खूण काढतील काका,” ती म्हणाली. “फक्त तुम्ही हो म्हणा, लगेच धाडते.”

सावळीराम पडद्यावरच्या लाल माणसाकडे बघत उभा राहिला. तो तसाच पळत होता, हातपाय फाकवून.

“नको,” तो म्हणाला. “आजवर खोटा व्हता, आता खरा झालाय. आन् त्या हिरव्यांच्यात मला बसायचं नाय.”

त्याने खुर्ची ओढली, बसला आणि मनालीला लाल खूण असलेलं कोणी खेळायला मोकळं आहे का, ते बघायला सांगितलं.